चित्रपट दाखवण्याविषयी, एका तरुण मित्रास

प्रिय मित्रा,

तुझे पत्र वाचले. कथानक नसलेल्या तुझ्या चित्रपटाला महोत्सवांनी नकार दिला, म्हणून आता त्याला निवेदन जोडून तो ‘समजेल असा’ करावा की जाहिरातींच्या संकलनाची नोकरी धरावी, असे तू विचारतोस. नोकरी खुशाल धर, घरभाडे कोणाला चुकले आहे? निवेदन मात्र जोडू नकोस, आणि चित्रपट स्वतः दाखव.

अमेरिकेतल्या प्रायोगिक चित्रपटकार माया डेरेन यांनी 1943 मध्ये पती अलेक्झांडर हॅमिड यांच्यासह लॉस एंजेलिसमधील राहत्या घरात 16 मिलिमीटर रुंदीच्या फिल्मवर ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा जेमतेम 14 मिनिटांचा चित्रपट केला, तेव्हा असे चित्रपट लावणारे चित्रपटगृह जवळपास नव्हतेच. 1946 मध्ये त्यांनी न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधील प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस भाड्याने घेतले आणि स्वतःचे चित्रपट स्वतःच दाखवले. ते पाहून प्रेरित झालेल्या एमॉस व्होगेल यांनी पुढच्याच वर्षी ‘सिनेमा 16’ ही फिल्म सोसायटी, म्हणजे सभासदांना चित्रपट दाखवणारी संस्था, काढली. पुढे तिथल्याही निवडीच्या चाळणीत काही चित्रपट अडकू लागले, तेव्हा चित्रपटकार आणि समीक्षक जोनास मेकस व त्यांच्या सहकाऱ्यांनी 1962 मध्ये सहकारी वितरणसंस्था उभारली, जिथे आलेला कोणताही चित्रपट नाकारायचा नाही असा दंडक होता. हेच मेकस 1955 मध्ये अमेरिकी प्रायोगिक चित्रपटांवर कडाडून टीका करत होते, हेही ध्यानात ठेव; आज नाक मुरडणारा उद्या तुझाच वितरक होऊ शकतो, पण त्यासाठी चित्रपट त्याच्या डोळ्यांसमोर यायला हवा.

तू किती जणांना दाखवलास? लिंक पाठवणे म्हणजे दाखवणे नव्हे. अंधाऱ्या खोलीत अनोळखी माणसांच्या मागे बसून, ती कुठे चुळबुळतात आणि कुठे स्तब्ध होतात हे पाहणे म्हणजे दाखवणे.

आपल्याकडे कमल स्वरूप यांचा ‘ओम दर-ब-दर’ 1988 चा, पण तो चित्रपटगृहांत लागला 2014 मध्ये. मधली सारी वर्षे तो जगला, कारण लोक खाजगी प्रती हातोहात फिरवून तो एकमेकांना दाखवत राहिले. माझ्या एका मित्राने मात्र निवड समितीच्या होकाराची वाट पाहत रिळे कपाटात ठेवली. अखेर डबा उघडला तेव्हा फिल्म सडू लागल्यावर येतो तसा व्हिनेगरचा वास आला आणि फिल्म आक्रसलेली निघाली. त्याला वेळीच हाताला धरून एखाद्या सभागृहात नेता आले नाही, ही खंत मला आजही आहे.

मालिकांकडे वळलेले माझे समवयस्क म्हणतात की मी पंधरा-वीस प्रेक्षकांसाठी आयुष्य घालवले. घालवले असेल, पण माझा एकही चित्रपट न पाहिलेला राहिला नाही आणि त्यांतली एकही चौकट मी कोणाच्या सोयीसाठी कापली नाही. यात हट्ट आहे असे तुला वाटत असेल तर वाटू दे. दाखव, म्हणजे दाखव.

पुढच्या महिन्यातला एक रविवार ठरव. प्रोजेक्टर माझा घेऊन जा, पडद्याचे कापड तू आण. तिकीट लावू नकोस, कारण जाहीर खेळ म्हटला की सेन्सॉरच्या प्रमाणपत्राचा प्रश्न येतो. परिचितांना बोलाव आणि प्रत्येकाला सोबत आणखी एकाला आणायला सांग. तारीख कळव, मी येतो.

तुझा,
एक जुना चित्रपटवाला