माळ ओसाड नसतो : गवत, पाऊस आणि कुसळीबद्दल वाचकांचे प्रश्न

प्रश्न : भूगोलाच्या नकाशात मुंबईला ‘उष्णकटिबंधीय सव्हाना हवामान’ असा रंग दिलेला आहे. मुंबईत तर धो धो पाऊस पडतो. मुलांना काय सांगू? (शिक्षिका, ठाणे)

नकाशा बरोबर आहे. ‘सव्हाना’ म्हटले की पिवळे गवत आणि तुरळक झाडे डोळ्यांपुढे येतात, पण हवामानाच्या वर्गीकरणात पाऊस किती यापेक्षा कोरडा काळ किती कडक, हे पाहतात. व्लादिमिर कोपेन याने ही वर्गवारी 1884 मध्ये पहिल्यांदा मांडली, ती वनस्पतींची वाढ डोळ्यांसमोर ठेवूनच.

वर्गात फळ्यावर गणित करून दाखवा. सर्वांत थंड महिन्याचे सरासरी तापमान 18 अंश किंवा त्याहून जास्त हवे. मग वर्षाचा पाऊस मिलीमीटरमध्ये घ्या, त्याला 25 ने भागा आणि आलेले उत्तर 100 मधून वजा करा. सर्वांत कोरड्या महिन्याचा पाऊस 60 मिमीच्या खाली असून या बाकीपेक्षाही कमी भरला तर सव्हाना. बाकीइतका किंवा जास्त भरला तर मान्सून हवामान. मुंबईचा पाऊस साधारण 2,400 मिमी धरला तर 25 ने भागून 96, म्हणजे बाकी 4. फेब्रुवारीत मुंबईत एक मिलीमीटरही धड पडत नाही. म्हणून सव्हाना. रत्नागिरीचा पाऊस 3,000 च्या वर आहे, बाकी शून्याच्या खाली जाते, म्हणून ती मान्सूनच्या रंगात. मुंबई अगदी उंबरठ्यावर आहे, एवढे मुलांना जरूर सांगा.

घाट उतरून पूर्वेला आलात की दुसरा उंबरठा लागतो, कोरड्या प्रदेशाचा. पाऊस मुख्यतः उन्हाळी सहामाहीत पडत असेल तर सरासरी तापमानाला 20 ने गुणून त्यात 280 मिळवायचे. वर्षाचा पाऊस या आकड्याखाली भरला तर प्रदेश कोरडा. पुण्याचे 25 अंश धरले तर 780 येतात. पुण्याचा पाऊस 750 च्या आसपास, म्हणजे शहर सीमेवरच बसले आहे. दौंड, इंदापूर, बारामतीकडे तो 500 च्या आसपास उतरतो, तिथे निमशुष्क हवामान लागते. आणि नकाशावरचा रंग बदलला तरी गवत बदलत नाही: दख्खनचा माळ हा सव्हानाच आहे.

प्रश्न : टांझानियात सेरेंगेटीला जाणार आहोत. तिथे काही भागात झाडे भरपूर आणि काही भागात मैलोन्‌मैल एकही नाही, असे वाचले. पाऊस कमी-जास्त पडतो म्हणून का? (नैरोबीस्थित मराठी कुटुंब)

अर्धे उत्तर पावसाचे. आग्नेयेला वर्षाला सुमारे 500 मिमी पडतो आणि वायव्येकडे जाता जाता तो जवळजवळ दुप्पट होतो. उरलेले अर्धे उत्तर पायाखाली आहे. दक्षिणेच्या आखूड गवताच्या मैदानावर ज्वालामुखीची राख साचली आहे. राखेतला चुना पाण्याबरोबर खाली झिरपून थोड्याच खोलीवर सिमेंटसारखा थर धरतो. झाडाचे मूळ तो फोडू शकत नाही, गवताला मात्र वरची माती पुरते. राखेमुळे गवतात कॅल्शियम आणि फॉस्फरस चांगले असते. वाइल्डबीस्टच्या (कळपाने फिरणाऱ्या मोठ्या आफ्रिकी हरणांच्या) माद्या जानेवारीच्या अखेरीपासून मार्चपर्यंत नेमक्या इथेच वितात. पिल्ले पाहायची असतील तर तेव्हा दक्षिणेत राहा.

उत्तरेकडच्या झाडांची गोष्ट तर आपल्या गुराख्यांना लगेच कळेल. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी आफ्रिकेत बुळकांडी शिरली, म्हणजे गुरांना आणि वाइल्डबीस्टनाही मारणारी रोगाची साथ. आजूबाजूच्या गुरांना लस टोचल्यावर 1960 च्या दशकात ती वाइल्डबीस्टमधूनही हटली. 1961 मध्ये अडीच लाखांच्या आसपास असलेले कळप 1977 पर्यंत तेरा लाखांवर गेले. एवढ्या तोंडांनी गवत खाल्ल्यावर वणव्याला इंधन उरले नाही, आगी कमी झाल्या आणि रोपटी तगून झाडे वाढली. गुरांच्या रोगावरच्या लशीने जंगल वाढले, ते असे.

प्रश्न : गावच्या माळावर तीन वर्षे लोकसहभागातून झाडे लावतो आहोत. खड्डे 45 सेंटीमीटरचे, शेणखतही घातले. डिसेंबरपर्यंत रोपे छान, मार्चमध्ये काड्या. कोणती जात लावावी? (दौंड तालुका)

जात बदलून उपयोग नाही, जागा चुकली आहे. तुमच्या कष्टांबद्दल आदर ठेवूनच हे स्पष्ट सांगतो.

माळावर मुरमावर जेमतेम 15 सेंटीमीटर माती असते. एवढ्या थरात झाडांना घेता येईल असे पाणी 15 ते 20 मिमीच मावते. ऑक्टोबरच्या उन्हात जमीन आणि पाने मिळून दिवसाला 4 ते 5 मिमी पाणी उडते. म्हणजे शेवटच्या पावसानंतर चार-पाच दिवसांत थर रिकामा. खड्डा मुरमात फोडलेल्या कुंडीसारखा असतो: त्यात पाणी थोडे जास्त टिकते, म्हणून रोप डिसेंबर काढते. मग मूळ कुंडीच्या भिंतीला अडते आणि उन्हाळा त्याला संपवतो. माळाचे बहुवर्षी गवत हाच काळ वेगळ्या रीतीने काढते. वरची पाने वाळवून टाकते आणि जमिनीलगतच्या ठोंबात जीव राखून आठ महिने थांबते. हिवर, बोर तुरळक उगवतात, तीही बेसाल्टच्या भेगेत मूळ शिरले तरच.

पाऊस कमी असला की झाडांची गर्दी होतच नाही, हे आफ्रिकेतही दिसते. तिथल्या 854 ठिकाणांची माहिती एकत्र करून 2005 मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनानुसार वर्षाला सुमारे 650 मिमीच्या खाली झाडांच्या विस्ताराला पाऊसच मर्यादा घालतो. त्याच्या वर पाऊस गेला तर झाडांना आवरायला आग आणि चरणारी जनावरे लागतात.

रोपे मेल्याने नुकसान संपत नाही. खड्ड्यातून काढलेला मुरूम गवतावर पडून ठोंब मरतात आणि त्या मोकळ्या ढिगावर पहिले येते ते गाजरगवत. समतल चर (पाणी अडवायला उताराला आडवे खणलेले) सरसकट खणले तर तेच मोठ्या प्रमाणावर होते. आणि ग्लिरिसिडिया किंवा सुबाभूळ जगलीच, तर तिच्या सावलीत मारवेल-पवन्यासारखी चाऱ्याची गवते टिकतील असे समजू नका. ही गवते भर उन्हाची आहेत. सावली पडली की विरळ होतात.

पुढच्या वेळी आधी पहारीने पाच-सहा ठिकाणी तपासा. 25 सेंटीमीटरच्या आत मुरूम लागला, गवताचे जुने ठोंब दिसले, पावसाळ्यात कंदीलपुष्पासारख्या कंदवाल्या वनस्पती दिसल्या, तर तो जुना माळ आहे. तिथे खड्डा घेऊ नका. झाडे हवीतच, पण ती ओढ्याकाठी (करंज, जांभूळ, उंबर), शेताच्या बांधावर (बाभूळ, बोर, हिवर) आणि गावठाणात. सरकारी कागदावर ‘पडीक’ लिहिले म्हणून माळ उजाड झालेले जंगल ठरत नाही.

प्रश्न : आमच्या पाच एकर गायरानात कुसळीच कुसळी झाली आहे. मेंढ्यांच्या तोंडात जखमा होतात. मारवेल परत आणता येईल का? (इंदापूर तालुका)

येईल, पण तीन पावसाळे द्यावे लागतील.

आधी कुसळी गवताचे एक कुसळ, म्हणजे त्याचे टोकदार बी, हातात घेऊन नीट पाहा. खालचे टोक सुईसारखे, त्यावर मागे वळलेले तांबूस केस. वर बोटभर लांबीची शेपटी, तिला दोरीसारखा पीळ. ते ओल्या फडक्यावर ठेवले तर थोड्याच वेळात पीळ उलगडू लागतो आणि कुसळ स्वतःभोवती फिरते. वाळले की पुन्हा पिळते. रात्रीचे दव आणि दिवसाचे ऊन यांच्या जोरावर बी असे मातीत शिरते, आणि उलटे केस त्याला मागे येऊ देत नाहीत. लोकरीत, हिरडीत, कातडीत ते याच रीतीने घुसते.

फुलोऱ्यापर्यंत मात्र कुसळी चांगला चारा असते, म्हणून सगळी मदार कापणीच्या वेळेवर. शेपट्या हिरव्या आणि मऊ असतानाच कापा. पावसाप्रमाणे हे सप्टेंबरच्या उत्तरार्धात येते. तपकिरी रंग दिसला की उशीर झाला, कापताना बी सांडते. जमिनीपासून 10 सेंटीमीटर, म्हणजे अर्धी वीत, खुंट ठेवा. खरवडून कापले तर चांगल्या गवताचे ठोंबही मरतात. दोन-तीन उन्हे देऊन वाळवा. मूठभर पिळल्यावर काडी कडकन मोडली तरच गंज रचा, नाहीतर आत बुरशी धरते.

मारवेल फक्त मोकळ्या पट्ट्यांत घाला. नांगर घालू नका. उरलेसुरले बहुवर्षी ठोंबही त्यात जातात. जुलैत जमीन चांगली भिजल्यावर जवळच्या बांधावरचे मारवेलचे जोमदार ठोंब फोडून, दोन-तीन फुटवे आणि मुळे असलेले तुकडे, पाने वीतभर छाटून, 50 × 50 सेंटीमीटरवर लावा. एकरभर मोकळी जागा असेल तर सुमारे 16,000 तुकडे लागतील. बी टाकायचे असेल तर एकरी 2 किलो, चाळलेल्या ओलसर मातीत चोळून, कारण कोरडे बी वाऱ्याने उडते. एक सेंटीमीटरपेक्षा खोल गेले तर वर येत नाही, आणि पावसाआधी टाकले तर मुंग्या नेतात. ताजे बी काही महिने सुप्त असते; गेल्या हंगामातले वापरा.

पहिल्या पावसाळ्यात पूर्ण चराईबंदी, कारण मूळ न धरलेला ठोंब गाय उपटून काढते. दुसऱ्या वर्षी कापून न्या. तिसऱ्या वर्षी मारवेलचे बी गळल्यावर जनावरे सोडा, तीही चार तुकडे पाडून आलटून पालटून. मेंढपाळांशी आधी बसून बोला. त्यांना बाहेर ठेवून केलेली बंदी टिकत नाही, आणि गवताची पारख त्यांनाच सगळ्यांत जास्त.

प्रश्न : फेब्रुवारीत माळ पेटवला की गवत जोमाने येते म्हणतात. खरे का? (फलटण)

आगीने ठोंब सहसा मरत नाहीत, हे खरे. गवताची आग झटकन पुढे सरकते आणि मातीत थोडे खाली तापमान फारसे चढत नाही. पण दरवर्षी पेटवले तर फायदा कुसळीचा होतो: तिचे बी आधीच मातीत दडलेले असते. शिवाय उन्हाळ्याचा चारा जळतो. वनजमिनीवर आग लावणे भारतीय वन अधिनियम, 1927 खाली गुन्हा आहे. जोम हवा असेल तर वर सांगितल्याप्रमाणे वेळेवर कापा.

प्रश्न : पक्षी पाहायला माळावर जीप घातली तर काय बिघडते? तिथे पीक तर नसते. (पुणे)

धाविक हा माळावरचा पक्षी मार्च ते ऑगस्टमध्ये उघड्या मुरमावर नुसत्या खळग्यात दोन-तीन अंडी घालतो. ती खड्यांच्या रंगाची असतात, चाकाखाली येईपर्यंत दिसत नाहीत. माळढोकही जमिनीवरच अंडे घालतो आणि बहुधा एकच. गाडी गाडीवाटेवरच ठेवा आणि पक्षी एकाच जागी घोटाळत ओरडू लागला तर आल्या पावली मागे फिरा.