गेम स्टोअरमध्ये सापडत नाही? आधी सातबारा बघा!

मागच्या अंकात सहज विचारलं होतं, की तुम्ही शोधलात आणि कुठल्याच ऑनलाइन स्टोअरवर मिळाला नाही असा गेम कोणता? वाटलं चार-पाच मेसेज येतील. आले ढीगभर, आणि त्यातल्या निम्म्याहून जास्त लोकांनी तीच दोन नावं लिहिलीत, त्यामुळे सुरुवात तिथूनच करते.

प्रश्न : ताई नमस्कार, मी इचलकरंजीचा, वय ३६. दिवाळीला मुलासाठी गेमिंग लॅपटॉप घेतला (मुलासाठी हे फक्त बायकोला सांगायला). सगळ्यात आधी नीड फॉर स्पीड मालिकेतला मोस्ट वॉन्टेड हा गाड्यांच्या शर्यतीचा गेम शोधला, तर स्टीम या ऑनलाइन दुकानात निघाला २०१२ चा. मला तो नकोय, मला तो जुना पाहिजे, बीएमडब्ल्यूवाला, ज्यात सुरुवातीलाच रेझर नावाचा व्हिलन आपली गाडी ढापतो. मग त्याच ईए कंपनीचा क्रिकेट ०७ बघितला, तर त्याचं नावसुद्धा नाही. अख्ख्या गावाने खेळलेले गेम, आता लोक रीतसर पैसे मोजायला तयार आहेत, तरी कंपनी विकत का नाही? का फक्त इंडियात बंद केलेत?

उत्तर : नाही हो, इंडियाचा काही संबंध नाही, अमेरिकेतल्या माणसालाही तुमच्यासारखाच २०१२ चा दिसतो आणि तोही तुमच्यासारखाच वैतागतो.

काय होतं, आपल्याला वाटतं गेम कंपनीने बनवला म्हणजे तो कंपनीचा, कधीही विकावा. पण २००५ चा मोस्ट वॉन्टेड घ्या, त्यात बीएमडब्ल्यू आहे, पोर्शे आहे, लॅम्बोर्गिनी आहे, मर्सिडीज आहे, आणि या प्रत्येकाकडून गाडीचं नाव, बिल्ला, अगदी बॉनेटचा आकारसुद्धा वापरायची परवानगी घ्यावी लागते. वर गाणी आहेत, प्रत्येक गाण्याचा मालक वेगळा. आणि ही परवानगी कायमची नसते, ठराविक वर्षांची असते. आपल्याकडे भाड्याच्या फ्लॅटचं ११ महिन्यांचं ॲग्रीमेंट असतं ना तसंच, फक्त इथे एका फ्लॅटचे वीस-पंचवीस घरमालक, आणि त्यातल्या एकाने जरी रिन्यू करायला नकार दिला किंवा भाडं तिप्पट सांगितलं तरी सगळं बिऱ्हाड बाहेर. त्यात २००५-०६ मधले करार बऱ्याचदा डबा आणि डिस्क डोळ्यापुढे ठेवून केलेले असायचे. ईए चं स्वतःचं ओरिजिन स्टोअर आलं तेच मुळात २०११ मध्ये. त्यामुळे आज तो गेम स्टोअरवर टाकायचा तर सगळ्यांकडे पुन्हा जाऊन सह्या घ्या, नव्या विंडोजवर नीट चालेल असं काम करा, आणि हे सगळं वीस वर्षं जुन्या गेमसाठी जो सेलमध्ये तीन-चारशे रुपयाला जाणार. ऑफिसात बसलेला माणूस हिशोब करतो आणि फाईल खाली ठेवतो. मला पटत नाही, पण हिशोब कळतो.

आणि जे स्टोअरवर होते तेही गेलेच की. ३१ मे २०२१ ला ईए ने कार्बन, अंडरकव्हर, शिफ्ट, शिफ्ट २ आणि द रन असे पाच नीड फॉर स्पीड एकदम विक्रीतून काढले, आणि त्याच ऑगस्टअखेर त्यांचे सर्व्हरही बंद. फुटबॉलच्या फिफा गेमचं तर अजून मजेशीर, ईए आणि फिफा यांचं तीसेक वर्षांचं लग्न मोडलं, नवा गेम वेगळ्या नावाने आला आणि सप्टेंबर २०२३ मध्ये जुने फिफा दुकानातून गायब. गेम तोच, बॉल तोच, नावाचं भाडं संपलं.

आता क्रिकेट ०७. हा माझा हळवा विषय आहे त्यामुळे थोडी वाहवत जाणार. नोव्हेंबर २००६ मध्ये आला, बनवला कोणी तर कॅनडातल्या एचबी स्टुडिओजने, म्हणजे आइस हॉकीच्या देशातल्या लोकांनी, आणि कॉमेंट्री रिची बेनो आणि मार्क निकोलस यांची. लायसन्स त्यांनी मुख्यतः ॲशेसचं घेतलं होतं, त्यामुळे ऑस्ट्रेलिया आणि इंग्लंड खरेखुरे, आणि आपल्या टीमचे लोक मात्र बघितल्यावर ओळखू येणारे पण नावं भलतीच! आमच्याकडे दादाच्या कॉम्प्युटरवर पहिल्यांदा लावला तेव्हा बॅटिंगला कोण आलाय यावरून अर्धा तास भांडण झालं होतं. मग कोणीतरी पेन ड्राईव्हमधून पॅच (गेममध्ये बदल करणारी फाईल) आणला, तो टाकला की नावं बरोबर, जर्सी बरोबर, नंतर नंतर तर आयपीएलच्या टीमसुद्धा आल्या. म्हणजे तुम्ही-आम्ही जो क्रिकेट ०७ खेळलो तो अर्धा ईए ने बनवलाय आणि अर्धा जगभरच्या हौशी पोरांनी. ईए ने तो शेवटचाच क्रिकेट गेम केला, मालिका तिथेच बंद, ॲशेसचा करार तेव्हाचा, आणि नंतर त्या टीम दुसऱ्या कंपन्यांकडे गेल्या. आता परत विकायचा म्हटलं तर कोणाच्या परवानगीने?

क्रिकेट गेमची आणि स्टोअरची कुंडलीच जमत नाही बहुतेक. ॲशेस क्रिकेट २०१३ नावाचा गेम नोव्हेंबर २०१३ मध्ये स्टीमवर आला आणि इतका फुसका निघाला की आठवडा व्हायच्या आत विक्री बंद करून लोकांना पैसे परत दिले. तिथे लायसन्स होतं, गेम नव्हता.

प्रश्न : ताई, मी नाशिकला इंजिनिअरिंगला आहे. फोर्झा हरायझन ४ हा गाड्यांचा गेम विशलिस्टमध्ये टाकून ठेवला होता, म्हटलं मोठा सेल लागला की घेऊ, आणि आता बघते तर विकत घ्यायचं बटणच नाही. मैत्रिणीने आधी घेतला होता ती मात्र मस्त खेळतेय. हे कसं? आणि उद्या तिचाही काढून घेतील का?

उत्तर : तुझं बटण गेलं १५ डिसेंबर २०२४ ला, कारण वर सांगितलं तेच, गाड्या आणि गाणी. या मालिकेत हे दर वेळी होतं, भाग ३ पण असाच २०२० मध्ये गेला. म्हणून गाड्यांचे गेम, सुपरहिरोंचे गेम आणि खऱ्या खेळांचे गेम यांच्यासाठी सेलची वाट चार वर्षं बघत बसू नकोस गं, हे दुधासारखे आहेत, पिशवीवर तारीख छापलेली असते फक्त आपल्याला दाखवत नाहीत. कधीकधी जाता जाता मोठी सूट मिळते ते खरं. ॲलन वेक नावाचा गेम मे २०१७ मध्ये गाण्यांच्या करारामुळे काढला तेव्हा आधी ९० टक्के सूट देऊन विकला होता, आणि नशीब बघ, पुढच्या वर्षी ऑक्टोबरमध्ये करार पुन्हा होऊन परत आलासुद्धा. पण असं परत येणं थोड्यांच्याच नशिबात.

जीटीएवाल्यांनी तिसराच मार्ग काढला, गेम ठेवला आणि गाणी कापली. जीटीए ४ ला दहा वर्षं झाली, एप्रिल २०१८ मध्ये अपडेट आला आणि गेममधल्या रेडिओवरची कित्येक गाणी गेली, रशियन स्टेशन तर ओळखू येईना. जीटीए मालिकेतल्याच व्हाइस सिटीच्या नंतरच्या आवृत्तीत मायकेल जॅक्सन नाही. ज्यांनी आधीच पैसे भरलेत त्यांच्याही गेममधून गाणी जातात, हे मला जास्त खटकतं. घर सोडा म्हणणं वेगळं आणि राहत्या घरातून फ्रिज उचलून नेणं वेगळं.

आता मैत्रिणीचं. साधारणपणे विक्री बंद झाली तरी ज्याच्या लायब्ररीत गेम आहे तो डाउनलोड करू शकतो, खेळू शकतो, तेव्हा तिला सांग निवांत राहा. पण ही सवय आहे, हक्क नाही. युबिसॉफ्टचा द क्रू माहितीये? २०१४ चा, अख्खी अमेरिका गाडीने फिरायची असा. डिसेंबर २०२३ मध्ये विक्री बंद, ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद, आणि एकट्याने खेळायचं म्हटलं तरी सर्व्हर लागायचा त्यामुळे गेमच मेला. त्यावर कडी म्हणजे लोकांच्या लायब्ररीतून लायसन्ससुद्धा काढून घेतलं. त्या रागातून स्टॉप किलिंग गेम्स नावाची मोहीम उभी राहिली, युरोपात २०२५ मध्ये दहा लाखांच्या वर सह्या झाल्या. आणि कॅलिफोर्नियात १ जानेवारी २०२५ पासून कायदाच आहे की दुकानाने स्पष्ट सांगायचं, बाई, तू गेम नाही लायसन्स घेतेयस. स्टीमने ती ओळ पैसे भरायच्या पानावर टाकलीसुद्धा, पुढच्या वेळी कार्टमध्ये नीट बघ. जीओजी नावाचं स्टोअर आहे, तिथे गेमची इन्स्टॉलर फाईल उतरवून आपल्या हार्डडिस्कवर ठेवता येते, मग दुकान राहो न राहो. जे फार आवडतात ते मी तिथून घेते.

प्रश्न : माझा धाकटा भाऊ म्युनिकला नोकरीला आहे, मी पुण्यात. आम्ही शनिवारी रात्री मिळून खेळतो. एखादा गेम मी सुचवला की तो म्हणतो माझ्याकडे दिसतच नाही. दुकान एकच असताना असं का?

उत्तर : दुकान एक, पण प्रत्येक देशात शटर वेगळं. जर्मनीत १५ नोव्हेंबर २०२४ पासून वयाचं रेटिंग नसेल तर स्टीम तो गेम दाखवतच नाही. रेटिंग मिळवायला बनवणाऱ्याने स्टीमवरच एक प्रश्नावली भरायची असते, पण जुना गेम, बनवणारे कधीच दुसरीकडे गेलेले, फॉर्म भरणार कोण? तुमच्या भावाला न दिसणाऱ्यातले बरेचसे याच खड्ड्यात पडलेत, गेममध्ये काही आक्षेपार्ह असेलच असं नाही.

आपल्याकडचे किस्से वेगळेच. २००८ मध्ये मायक्रोसॉफ्टने फॉलआउट ३ भारतात आणायचाच नाही असं ठरवलं, कारण सांगितलं सांस्कृतिक संवेदनशीलता, नेमकं काय ते सांगितलं नाही. गेममध्ये दोन तोंडांची गाय आहे आणि तिचं नाव ब्राह्मिन, त्यामुळे सगळ्यांनी काय तो अंदाज बांधला. आज तो इथे आरामात विकत मिळतो आणि कुठे काही झालेलं नाही.

आणि सरकारी बंदी म्हणजे पब्जी, २ सप्टेंबर २०२० ला ११८ ॲपच्या यादीत गेलं, ३० ऑक्टोबरला इथली सेवाच थांबली. मग बीजीएमआय नावाने नवा अवतार, तोही जुलै २०२२ मध्ये प्ले स्टोअर आणि ॲप स्टोअरवरून उतरवला, मे २०२३ मध्ये परत. मधल्या काळात ज्यांच्या फोनमध्ये आधीपासून होता त्यांचा चालत होता, त्यामुळे आमच्या सोसायटीत एक पोरगा वर्षभर जुना फोन बदलायला तयार नव्हता, स्क्रीन तडकलेली, बॅटरी फुगलेली, पण गेम आहे ना!

प्रश्न : असाही गेम आहे का ज्यात गाड्या नाहीत, गाजलेली गाणी नाहीत, बंदी नाही, तरी मिळत नाही? (साताऱ्याहून, वकिली करतो, म्हणून कुतूहल)

उत्तर : वकीलसाहेब, तुमच्यासाठी खास प्रकरण. नो वन लिव्हज फॉरेव्हर, २००० सालचा, साठच्या दशकातली एक बाई गुप्तहेर, अतिशय विनोदी आणि फार गाजलेला. बनवला मोनोलिथने, बाजारात आणला फॉक्सच्या गेम कंपनीने. पुढे मोनोलिथ वॉर्नरकडे गेली, फॉक्सचा गेमधंदा व्हिवेंडीकडे, व्हिवेंडीचा ॲक्टिव्हिजनमध्ये. झालं, सातबाऱ्यावर वॉर्नर, फॉक्स आणि ॲक्टिव्हिजन अशी तीन नावं, आणि कोणाचा हिस्सा किती हे तिघांनाही धड माहीत नाही. नाइटडाइव्ह नावाची कंपनी आहे, जुने गेम दुरुस्त करून विकणं हाच त्यांचा धंदा, त्यांनी २०१४ च्या सुमारास तिघांच्या दारात जाऊन बघितलं. विकायला कोणी तयार नाही, स्वतः काही करायला कोणी तयार नाही, पण तुम्ही केलंत तर दावा लावू असा सूर मात्र आहे. वाडवडिलांची जमीन पडीक ठेवतील पण चुलतभावाला कसू देणार नाहीत, अशा केसेस तुमच्या टेबलावर रोज येत असतील. त्यात फेब्रुवारी २०२५ मध्ये वॉर्नरने मोनोलिथच बंद केली.

प्रश्न : कपाट आवरताना जुन्या गेमच्या ओरिजिनल सीडी सापडल्या, बिलासकट! एक्स्टर्नल ड्राईव्ह आणून लावल्या तर विंडोज ११ वर काहीच होत नाही. सीडी खराब झाल्या का? आणि मग नेटवरून उतरवला तर चालेल का, आता कोण विकतंय तसंही. (डोंबिवली)

उत्तर : सीडी बहुतेक चांगल्याच असतील. त्या काळी कॉपी होऊ नये म्हणून सेफडिस्कसारखी कुलपं असायची, आणि मायक्रोसॉफ्टने विंडोज १० पासून त्या कुलपाची किल्लीच विंडोजमधून काढून टाकली, सुरक्षेला धोका म्हणून. म्हणजे गंमत बघा, चोराला कधीच अडचण आली नाही आणि बिल जपून ठेवणारा दाराबाहेर. कोणाकडे विंडोज एक्सपीचा जुना पीसी माळ्यावर असेल तर त्यावर लावून बघा, धावतील.

नेटवरून उतरवण्याबद्दल, कंपनी विकत नाही म्हणून कॉपीराइट संपत नाही, तो अजून कित्येक दशकं आहे, त्यामुळे मी या पानावर हो म्हणू शकत नाही. शिवाय त्या साइट्सवर गेमबरोबर काय काय घरात येतं ते माझ्या भावाच्या लॅपटॉपला विचारा. सीडी मात्र टाकू नका, आणि डब्याच्या आतल्या बाजूला सीडी-की चा स्टिकर असेल तर त्याचा फोटो आजच्या आज काढून ठेवा, माझ्याकडच्या एका स्टिकरला पावसाळ्यात ओल लागली आणि आता तो आकडा ८ आहे का बी आहे यावर आमच्या घरात दोन तट पडलेत.