सबस्क्रिप्शनवरून जाणारे गेम घाईघाईने संपवावेत, विकत घ्यावेत की सोडून द्यावेत?

तुमच्या प्रश्नात तीन गेम आहेत. एक निम्मा खेळून झालेला, एक जेमतेम सुरू केलेला आणि एक नुसता डाउनलोड करून ठेवलेला. तिन्ही महिनाअखेर गेम पास या मायक्रोसॉफ्टच्या गेम सबस्क्रिप्शनवरून जाणार, आणि नोकरी सांभाळून तुम्हाला रात्री तास-दीड तास मिळतो. माझं मत आधीच सांगतो. निम्मा झालेला गेम पूर्ण करायला घ्या, पण उरलेले तास बसतात का ते आधी बघा. जेमतेम सुरू केलेला आहे तिथे थांबवा. न उघडलेला गेम छोटा असेल तरच उघडा. आणि तारीख जवळ आली एवढ्याच कारणासाठी तिन्हींतला एकही विकत घेऊ नका.

सुरुवात तासांच्या हिशेबापासून करायला हवी, कारण बहुतेक जण तोच करत नाहीत. गेम पासवरून गेम साधारण महिन्याच्या मध्याला आणि महिनाअखेर जातात, आणि ‘लीव्हिंग सून’ या विभागात त्यांची नावं दोनेक आठवडे आधी दिसू लागतात. प्लेस्टेशन प्लस या सोनीच्या तशाच सबस्क्रिप्शनवर मोठ्या कॅटलॉगमधले गेम महिन्याच्या तिसऱ्या मंगळवारच्या सुमारास बदलतात. तिथे ‘लास्ट चान्स टू प्ले’ म्हणून वेगळा विभाग असतो. म्हणजे यादी पाहून जागं होणाऱ्या माणसाच्या हातात साधारण पंधरवडा असतो. रोजचा दीड तास धरला तर बावीस तास होतात. त्यातून एखादं लग्न, पाहुणे, ऑफिसमधला उशीर आणि डोळे मिटत असल्याच्या रात्री वजा करा. पंधरा तास उरले तरी पुष्कळ. एवढ्यात एक मध्यम लांबीचा गेम होतो, किंवा तीन छोटे. निम्मा झालेला एक आणि नवे दोन हे या हिशेबात कुठेच बसत नाही.

कुठल्या गेमला किती वेळ लागतो हे ‘हाउ लाँग टू बीट’ या साइटवर मिळतं. तिथे मुख्य कथा, मुख्य कथा आणि जोडीची कामं, आणि सगळं काही पूर्ण करणं असे वेगवेगळे आकडे असतात. तुमच्या परिस्थितीत फक्त पहिला बघा, आणि तो थोडा वाढवूनच धरा, कारण थकलेला माणूस रस्ता चुकतो आणि एकाच बॉसशी, म्हणजे टप्प्यातल्या मोठ्या शत्रूशी, पुन्हा पुन्हा हरतो.

हा आकडा न बघता हात घातला की काय होतं, त्याचं सगळ्यात चांगलं उदाहरण मला ‘रेड डेड रिडेम्प्शन 2’ वाटतं. हा गेम 7 मे 2020 ला गेम पासवर आला आणि 7 सप्टेंबरला गेला. पुरते चार महिने. मुख्य कथेलाच पन्नासेक तास लागतात. पहिल्या दिवसापासून खेळणाऱ्याला चार महिने पुरले असतील, पण शेवटच्या पंधरवड्यात सुरू करणाऱ्याचं ते काम नव्हतं. आणि तासांपेक्षा मला जास्त खटकतं ते वेगळंच. तो गेम मुद्दाम संथ केलेला आहे. सुरुवातीला तुमची दरोडेखोरांची टोळी बर्फात अडकलेली असते, घोडे गुडघाभर बर्फातून चालतात, आणि शिकारीला जायचं तर माग काढत हळूहळू जावं लागतं. दुसऱ्या अध्यायात हॉर्सशू ओव्हरलुकच्या टेकडीवर तळ पडतो, आणि तिथे काही न करता शेकोटीपाशी माणसांची बोलणी ऐकत बसणं हा खेळाचाच भाग आहे. घड्याळाकडे बघत खेळणारा ही बोलणी ऐकत नाही, संवाद वगळतो, नकाशावरच्या पिवळ्या खुणेकडे घोडा पळवतो. त्याच्या हाती नुसत्या गोळीबारांची रांग लागते. असा मोठा गेम यादीत दिसलाच आणि तुम्हाला तो चाखून बघायचा असेल, तर संपवायचा विचारच डोक्यातून काढा. पहिले दोन अध्याय निवांत खेळा आणि थांबा. आवडला तर पुढे कधीतरी सेलमध्ये घ्या. आवडला नाही तर तुमचे चाळीस तास वाचले.

याच्या अगदी उलट बाजूला ‘राजी : अॅन एन्शंट एपिक’. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या स्टुडिओने केलेला हा गेम 2020 मध्ये आला, जुलै 2021 मध्ये गेम पासवर दाखल झाला आणि पुढच्या वर्षी जुलैअखेर गेला. राजी ही मुलगी असुरांनी पळवलेल्या आपल्या धाकट्या भावाला, गोलूला, शोधत निघते. तिची गोष्ट दुर्गा आणि विष्णू एकमेकांशी बोलत सांगतात, आणि मधल्या प्रसंगांना सावल्यांच्या बाहुल्यांचा खेळ वापरला आहे. महालांच्या भिंती, जाळ्या, कमानी इतक्या ओळखीच्या आहेत की परदेशी गेम खेळत वाढलेल्या आपल्यासारख्यांना आपल्याकडचा दगड असा पडद्यावर बघून भरून येतं. पाच-सहा तासांचा गेम आहे. जाणार्‍यांच्या यादीत त्याचं नाव दिसल्यावर मी तो काढला आणि कुठेही न पळता पूर्ण केला. शेवट मला तुटक वाटला, लढाईत कॅमेरा अधूनमधून त्रास देतो, पण तो पूर्ण खेळून ठरवलेलं मत आहे. जाण्याच्या यादीचा खरा उपयोग मला इथे दिसतो. ‘कधीतरी खेळू’ म्हणून वर्षभर पडून राहिलेला छोटा गेम त्या तारखेमुळे हातात येतो. ‘फायरवॉच’, ‘इनसाइड’, ‘व्हॉट रिमेन्स ऑफ एडिथ फिंच’ हे सगळे असेच दोन ते पाच तासांतले गेम आहेत, आणि एखाद्या शनिवार-रविवारी सुखाने संपतात. तुमचा न उघडलेला तिसरा गेम या जातीचा असेल तर तो आधी खेळा, निम्मा झालेला नंतर.

निम्मा झालेला गेम आटोपायचा असेल तर काठिण्य पातळी खाली आणा. यात कमीपणा काही नाही. पातळी कमी करण्याची सोय गेम बनवणाऱ्यांनीच दिलेली आहे, आणि तुम्हाला या क्षणी गोष्टीचा शेवट हवा आहे. जोडीची कामं, गोळा करायच्या वस्तू, ट्रॉफ्या सगळं सोडा. कोड्यात दहा मिनिटांपेक्षा जास्त अडकलात तर यूट्यूबवर बघा आणि पुढे व्हा. संवाद मात्र वगळू नका. ते वगळायची वेळ आली असेल तर त्या गेममधला तुमचा रस संपला आहे असं समजा आणि तो तिथेच बंद करा.

आता विकत घेण्याबद्दल, कारण घाई तिथेच सगळ्यात महाग पडते. गेम कॅटलॉगमध्ये असेपर्यंत गेम पासच्या सभासदांना तो विकत घ्यायला 20 टक्क्यांपर्यंत सवलत मिळते, आणि गेम गेला की ही सवलतही जाते. त्यामुळे शेवटच्या दिवशी हात आपोआप खरेदीकडे वळतो. पण 20 टक्के ही गेमच्या बाजारात फार मोठी सवलत नाही. वर्षा-दोन वर्षांपूर्वीचे गेम उन्हाळी आणि डिसेंबरच्या सेलमध्ये सर्रास निम्म्या किंवा त्याहून कमी किमतीला येतात. तुमची सेव्ह फाइल, म्हणजे खेळ कुठवर आला याची नोंद, तुमच्या खात्यात क्लाउडवर राहते. गेम यादीतून गेला म्हणून ती पुसली जात नाही. सहा महिन्यांनी तोच गेम घेतलात तर जिथे थांबला होतात तिथूनच सुरू होतो. फक्त एक बघा, पीसीवर खेळत असाल तर गेम पासमधली सेव्ह स्टीमवर, म्हणजे पीसी गेमच्या दुसऱ्या ऑनलाइन दुकानात, घेतलेल्या गेममध्ये सहसा आपोआप जात नाही. दोन्हीकडच्या आवृत्त्या वेगळ्या असतात. स्टीमवर स्वस्त मिळाला म्हणून तिथे घेतलात तर कदाचित पुन्हा पहिल्यापासून खेळावं लागेल. निम्मा झालेला गेम पुढे चालू ठेवायचा असेल तर मायक्रोसॉफ्टच्याच स्टोअरवरून घ्या. अजून पहिल्याच तासात असाल तर जिथे स्वस्त तिथे.

डीएलसीच्या, म्हणजे मूळ गेमला जोडून वेगळ्या विकल्या जाणाऱ्या भागांच्या बाबतीत मी जास्त काटेकोर आहे. सबस्क्रिप्शनवरच्या गेमसाठी पैसे देऊन घेतलेली डीएलसी तुमचीच राहते, पण मूळ गेम गेला की ती चालत नाही. मूळ गेम विकत घ्यावा लागतो. म्हणून कॅटलॉगमधल्या गेमची डीएलसी घ्यायचीच असेल तर तो गेम आपण पुढे विकत घेणार आहोत हे आधी ठरवा.

गेलेला गेम पुन्हा येतो का? पुष्कळदा येतो. ‘जीटीए 5’ गेम पासवर जानेवारी 2020, एप्रिल 2021, जुलै 2023 आणि एप्रिल 2025 असा वेळोवेळी आला आणि मधल्या काळात गेलेला होता. याकुझा मालिकेतले सुरुवातीचे गेमही गेले आणि जुलै 2022 मध्ये परतले. कंपन्यांचे करार ठरावीक मुदतीचे असतात. मुदत संपली की गेम जातो, पुन्हा करार झाला की येतो. त्यावर भरवसा ठेवून आखणी करता येत नाही, पण ‘आता नाही तर कधीच नाही’ ही भीती बहुतेक गेमच्या बाबतीत खोटी आहे.

काही गेमच्या बाबतीत मात्र ती खरी असते, आणि तेवढे ओळखता आले पाहिजेत. ‘फोर्झा होरायझन 4’ हा गाड्यांच्या शर्यतींचा गेम मायक्रोसॉफ्टच्या स्वतःच्या स्टुडिओचा. स्वतःचे गेम गेम पासवर कायम राहतात अशी सगळ्यांची समजूत. पण त्यात खऱ्या कंपन्यांच्या शेकडो गाड्या आणि रेडिओवर खरी गाणी आहेत, आणि त्या परवान्यांना मुदत असते. ती संपत आल्यावर 15 डिसेंबर 2024 ला हा गेम गेम पासवरूनच काय, ऑनलाइन दुकानांतूनही गेला. आधी विकत घेतलेल्यांना तो अजून खेळता येतो, नव्याने डिजिटल प्रत घेता येत नाही. ब्रिटनचा तो नकाशा, बर्फात गोठलेल्या तळ्यावरून गाडी नेणं, हे पुढच्या भागात नाही, कारण तो मेक्सिकोत घडतो. शेवटच्या महिन्यांत तो मोठ्या सवलतीत विकला जात होता आणि मी तेव्हाच घेऊन ठेवला. अशा वेळी खरेदीची घाई योग्यच आहे. ‘अॅलन वेक’ही मे 2017 मध्ये गाण्यांच्या परवान्यांमुळे विक्रीतून गेला होता. तो पुढच्या वर्षी ऑक्टोबरमध्ये परतला, पण प्रत्येकाचं नशीब तसं नसतं. गेममध्ये खऱ्या गाड्या, खरी गाणी, सिनेमातले किंवा कॉमिकमधले नायक असतील तर जाण्याच्या बातमीत ‘विक्री बंद’ असं कुठे लिहिलंय का ते आवर्जून वाचा. लिहिलेलं असेल आणि गेम तुमच्या जिव्हाळ्याचा असेल, तर घ्या.

प्लेस्टेशनवर स्वतःच्या स्टुडिओच्या गेमबद्दल तर अजिबातच गृहीत धरू नका. मे 2023 मध्ये ‘मार्व्हल्स स्पायडर-मॅन’ आणि मे 2024 मध्ये ‘होरायझन झीरो डॉन’ त्या कॅटलॉगमधून गेले, आणि दोन्ही सोनीचेच. तिथे दर महिन्याला जे दोन-चार गेम मिळतात त्यांचा नियम वेगळा आहे. त्या महिन्यात ते आपल्या लायब्ररीत घेतले की सभासदत्व चालू असेपर्यंत राहतात. ते खेळायचे नसले तरी महिना संपायच्या आत घेऊन ठेवा.

पुढच्या वेळी हा पेच पडू नये म्हणून मी एकच गोष्ट करतो. नवीन गेम कॅटलॉगमध्ये आला की तो कोणाचा आहे ते बघतो. बाहेरच्या छोट्या स्टुडिओचा असेल तर तो साधारण वर्षभरात जाऊ शकतो, जसा राजी गेला, असं धरून त्याला आधी नंबर देतो. मालक कंपनीचा असेल तर मागे ठेवतो. एका वेळी एक मोठा आणि एक छोटा, यापेक्षा जास्त गेम सुरू ठेवत नाही.

जाण्याची जी तारीख लिहिली आहे तो दिवस खेळण्यात धरू नका, आदल्या रात्रीपर्यंतच हिशेब करा. शेवटच्या रात्री गेममधून नीट बाहेर पडा आणि सेव्ह क्लाउडवर गेल्याची खात्री होईपर्यंत इंटरनेट चालू ठेवा, विशेषतः तुमच्याकडे वीज अधूनमधून जात असेल तर. मग अनइन्स्टॉल करून जागा मोकळी करा. नाहीतर विकत घेतल्याशिवाय न उघडणारा गेम हार्ड डिस्कवर नुसता जागा अडवून बसतो. तुमच्या तिन्ही गेमची नावं आणि निम्म्या झालेल्यात तुम्ही कुठल्या अध्यायात आहात ते खाली लिहा. मी खेळलेला असेल तर पुढे किती उरलंय ते सांगतो, म्हणजे तुम्हाला आज रात्रीच ठरवता येईल.