मतदान रविवारी, निवडणूक मात्र यादीतच

या वेळी सोसायटीच्या निवडणुकीबद्दल बरीच पत्रं आली. त्यातली निम्मी भांडणं मतपेटीपर्यंत पोचण्याआधीच, मतदारयादीवरून सुरू झालेली दिसतात. म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

प्रश्न : फ्लॅट आम्हा नवरा-बायकोच्या नावावर आहे. यजमान बेंगळुरूला असतात. सेक्रेटरी म्हणतात, पहिलं नाव त्यांचं असल्यामुळे मला मत देता येणार नाही. (कोथरूड)

तुमचं शेअर सर्टिफिकेट कपाटातून काढा आणि त्यावर तुमचं नाव आहे का ते आधी पाहा. दुसरं नाव तुमचं असेल, तर तुम्ही संयुक्त सभासद आहात. पहिलं नाव असलेली व्यक्ती हजर नसेल तर मत दुसऱ्या नावाच्या व्यक्तीनं द्यायचं असतं. म्हणजे मत तुमचंच, आणि फ्लॅटमागे ते एकच. सर्टिफिकेटवर नाव नसेल तर मात्र यजमानांनी आधीच लेखी संमती देऊन तुम्हाला सहयोगी सभासद करून घ्यायला हवं. ऐनवेळी मुलाच्या हातात चिठ्ठी देऊन पाठवणं चालत नाही, कारण सहकार कायद्यात प्रॉक्सी मतदान नाही.

आता यादीबद्दल. कच्ची यादी नोटीस बोर्डावर लागली की त्याच दिवशी जिना उतरून ती वाचा. सोसायटीच्या आय आणि जे रजिस्टरशी (सभासदांची नोंदवही आणि सभासदांची यादी) ती जुळते का, विकून गेलेल्या माणसाचं नाव अजून आहे का, नव्या खरेदीदाराचं राहिलं आहे का, हे तपासा. हरकत मुदतीत आणि लेखी द्या, आणि पोच घ्या. व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर कितीही ओरडलं तरी ती हरकत होत नाही. अंतिम यादी लागल्यावर आलेली माणसं मला भेटतात तेव्हा फार वाईट वाटतं, कारण त्यांचं म्हणणं बहुतेकदा खरं असतं, पण वेळ गेलेली असते.

प्रश्न : आमच्या ६४ फ्लॅटच्या सोसायटीत सध्याचे सेक्रेटरीच निवडणूक घेणार आहेत आणि ते स्वतः उभेही आहेत. (हडपसर)

हे होऊ देऊ नका. २५० पर्यंत सभासद असलेल्या गृहनिर्माण संस्थांना आपली निवडणूक आपणच घेता येते. ही सवलत चांगली आहे, पण निवडणूक निर्णय अधिकारी उमेदवार नसलेलाच हवा. अर्जांची छाननी आणि मतमोजणी ज्याच्या हातात, त्याचंच नाव मतपत्रिकेवर असेल तर निकालावर कोण विश्वास ठेवेल? कमिटीला आणि सहकार खात्याच्या उपनिबंधकांना आजच लेखी कळवा.

प्रश्न : एका महिन्याचा मेंटेनन्स थकला म्हणून माझा अर्ज बाद केला. (बाणेर)

थकबाकीदार उभा राहू शकत नाही, हे खरं. पण थकबाकीदार कुणाला म्हणायचं हे कायद्यानं ठरवून दिलं आहे. बिल किंवा नोटीस मिळाल्याची तारीख आणि पैसे भरायची शेवटची तारीख, यांतली जी नंतरची असेल तिच्यापासून तीन महिन्यांत पैसे भरले नाहीत, तरच तुम्ही थकबाकीदार. बिल किंवा नोटीस कधी दिली, कशी पोचवली, हे लेखी मागा.  अर्ज नामंजूर झाला की कलम १५२-अ खाली निबंधकांकडे अपील करता येतं, पण मुदत फक्त तीन दिवसांची. एकमेकांचे फोन लावण्यात ते दिवस घालवू नका.

प्रश्न : राखीव जागेसाठी सोसायटीत कुणीच नाही. ती जागा सर्वसाधारण धरून भरावी का? (औंध)

नाही. ती रिकामी ठेवा. १०० पर्यंत सभासद असतील तर ११ जणांच्या कमिटीत २ महिला आणि ३ इतर राखीव जागा धरलेल्या असतात. त्यावर दुसऱ्याला बसवलं की पुढची भांडणं आपणच ओढवून घेतो.

प्रश्न : एका मोबाइल फॉर्मवर मतदान घेतलं तर खर्च वाचेल. मतपत्रिका कशाला? (सिंहगड रोड)

फॉर्म बनवणाऱ्याला कुणी कुणाला मत दिलं हे दिसू शकतं, यातच सगळं आलं. एकाच जिन्यात रोज भेटणाऱ्या माणसांत गुप्तता गेली की माणसं खरं मत देत नाहीत, शेजार सांभाळतात. मी एका सोसायटीत मतपत्रिकेमागे पेन्सिलीनं फ्लॅट नंबर लिहिलेले पाहिले आहेत. ‘डबल मत होऊ नये म्हणून’ असं कारण सांगितलं. त्यासाठी यादीवर सही पुरते. मतपत्रिकेवर फक्त निवडणूक अधिकाऱ्याची सही असावी. पेटी मतदानाआधी सगळ्यांना रिकामी दाखवा, मगच सील करा. मोजणी त्याच दिवशी, उमेदवारांच्या किंवा त्यांच्या प्रतिनिधींच्या समोर करा, बाद मतं वेगळी काढून कारणासह नोंदवा.

निकालाची तारीख नोटीस बोर्डावर ठळक लिहा. ज्याला निवडणुकीला आव्हान द्यायचं आहे त्याला निकालापासून ठरावीक मुदतीतच सहकार न्यायालयात जावं लागतं. तोवर मतपत्रिका सीलबंद ठेवा आणि कपाटाची किल्ली नव्या चेअरमनच्या घरी ठेवू नका.