यशवंतराव चव्हाणांवर दहा मिनिटांचा लघुपट करायचा आहे, भर कशावर द्यावा?

१९६० चा मंगलकलश (महाराष्ट्र राज्याची स्थापना) आणि १९६२ चा 'हिमालयाच्या मदतीला सह्याद्री' (संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीला जाणं) हे दोन्ही तीस सेकंदांत उरका. ते सगळ्यांना पाठ आहे. कॅमेरा कराडला न्या. कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावरच्या समाधीपाशी २५ नोव्हेंबरला, त्यांच्या पुण्यतिथीला, सगळ्या पक्षांचे नेते येतात, एकमेकांचे कट्टर विरोधकसुद्धा, आणि प्रत्येकाला वारसा आपलाच वाटतो! खरा विषय तिथे आहे. मात्र नुसते हारतुरे दाखवू नका. वर्षाला बाराशे रुपयांच्या आत उत्पन्न असलेल्या घरांतल्या मुलांना यशवंतरावांच्या काळात फीमाफी मिळाली. त्या सवलतीवर शिकलेले लोक आता म्हातारे झालेत, त्यांना आधी गाठा. निवेदकाचा भारदस्त आवाज शक्यतो टाळाच. देवराष्ट्रे हे जन्मगाव वेळ उरला तर.