अँग्लिकन मिशनरी बिशप परदेशात नेमकं काय करायचे? फक्त बाटवाबाटवीच ना?

पुण्यातल्या ख्रिस्ती मंडळीत लहानाचा मोठा झालोय, त्यामुळे प्रश्नातलं ते शेवटचं वाक्य वाचून गप्प बसवेना.

तरुणांचं दृढीकरण (म्हणजे मंडळीत पक्कं सामील करून घेण्याचा विधी), पाळकांना दीक्षा, दौरे, शाळांसाठी पैसे उभे करणं, हे सगळेच बिशप करत. पण दक्षिण आफ्रिकेतल्या नाताल या इंग्रज वसाहतीचे जॉन विल्यम कोलेन्सो घ्या. मूळचे गणिताचे शिक्षक. 1853 मध्ये बिशप झाले, 1855 मध्ये पीटरमारित्झबर्गजवळ कुटुंबासह राहायला गेले, तिथल्या झुलू लोकांची भाषा शिकले, 1861 मध्ये झुलू शब्दकोश छापला. बायबलचं भाषांतर करताना झुलू मदतनीस विल्यम न्गिदींनी विचारलं, की महापुराच्या वेळी नोहाच्या तारवात सगळे प्राणी जोडीजोडीने आले, हे खरं आहे का? भूगर्भशास्त्र वाचलेल्या कोलेन्सोंना ‘हो’ म्हणवेना. पंचग्रंथातले, म्हणजे बायबलच्या पहिल्या पाच पुस्तकांतले, आकडे जुळत नाहीत, असं पुस्तकच त्यांनी 1862 मध्ये काढलं. केपटाऊनच्या बिशपांनी त्यांना पदावरून काढलं. 1865 मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे वसाहतींसाठीच्या सर्वोच्च न्यायपीठाने, ते बेकायदा ठरवलं.

कॉलेजात असताना आमच्या तरुण संघापुढे मी हेच सांगत होतो. न्गिदींच्या प्रश्नापाशी आलो आणि कमिटीतले एक ज्येष्ठ उठले. ‘पाखंड्याचं नाव देवळात नको,’ म्हणाले आणि माझ्या हातातला माईक घेतला. आई दुसऱ्या बाकावर होती. घरी येईपर्यंत रिक्षात ती एक शब्द बोलली नाही. माझी तीन पानं वाचायची राहिली, आणि खरं महत्त्वाचं त्यातच होतं.

1873 मध्ये नातालमधल्या ह्लुबी जमातीचे प्रमुख लांगालिबालेले यांना सरकारने पकडलं आणि पुढच्या वर्षी रॉबेन बेटावर कैदेत धाडलं, तेव्हा त्यांच्या बाजूने उभा राहिलेला गोरा म्हणजे कोलेन्सो. त्यापायी शेपस्टन या बड्या अधिकाऱ्याशी असलेली अनेक वर्षांची मैत्री तुटली. पुढे इसांडलवानाच्या लढाईत झुलूंनी इंग्रज फौज कापून काढली. दोन महिन्यांत, मार्च 1879 मध्ये, सूडाने पेटलेल्या गोऱ्यांपुढे कोलेन्सोंनी बायबलमधल्या मीखा संदेष्ट्याच्या 6:8 या वचनावर प्रवचन दिलं: न्यायाने वाग, दया आवडू दे. त्यांनी न्यायाची चाड मागितली ती झुलूंसाठी. लोक त्यांना ‘सोबान्तु’ म्हणत, म्हणजे माणसांचा बाप.

सगळे बिशप असे नव्हते, हेही सांगतो. आणि इंग्रजांचं राज्यच नको, असं कोलेन्सोही कधी म्हणाले नाहीत.

पण शंका घेणारा बिशप खरा मिशनरी नव्हे, असं कुणी सांगितलं तर ऐकू नका. 1883 मध्ये ते वारले, तेव्हा त्यांना पीटरमारित्झबर्गच्या सेंट पीटर्समध्ये पुरलं. देवळाच्या आत, वेदीसमोर.