रशियन क्रियापदं: जोर नेमका कुठे द्यायचा

क्रियापद पाठ करताना जोराची जागाही सोबतच पाठ करा, मागाहून सुधारणं फार जड जातं. ‘फोन करतो’साठी ‘ज्वनीत’ म्हणा, जोर ‘नी’वर. ‘ज्वोनित’ खुद्द रशियातही सर्रास ऐकू येतं, पण प्रमाण भाषेत ती चूकच, आणि अनेकांच्या कानाला ती लगेच खटकते.

खरी कसोटी भूतकाळात लागते. त्याला समजलं म्हणजे ‘पोनिल’, त्यांना समजलं ‘पोनिली’. पण तिला समजलं की जोर थेट शेवटी, ‘पनिला’. जोर सुटला की ‘ओ’चा ‘अ’सारखा उच्चार होतो, म्हणून पहिलं अक्षरही बदललं. ‘घेतलं’, ‘सुरू केलं’ यांचंही तसंच. ‘ती ठेवत होती’चं ‘क्लाला’ मात्र अपवाद, जोर पहिल्या अक्षरावरच. जोराच्या खुणा छापलेला शब्दकोशच घ्या, आणि स्त्रीलिंगी रूपं मोठ्याने म्हणा.